घर भाड्याचे, मदत सरकारची

(शहरात कामाधंद्यासाठी आलेल्या माणसाला सर्वांत आधी राहायला जागा लागते. स्वतःचे घर घेण्याइतके पैसे बहुतेकांजवळ नसतात. म्हणून ती माणसे भाड्याच्या खोलीत राहतात. ज्यांची मिळकत थोडी आहे, त्यांना भाडे देण्यासाठी सरकारने मदत करावी का, आणि केलीच तर ती कशी करावी, हा प्रश्न जुना आहे. पनवेल व मुंबई येथील उदाहरणांच्या आधारे प्रस्तुत पाठात या प्रश्नाची माहिती दिली आहे.)

पनवेल हे रायगड जिल्ह्यातील जुने गाव. एके काळी खाडीतून येथे गलबते येत. मीठ, भात, लाकूड यांचा व्यापार चाले. मुंबईहून पुण्याकडे जाणारा माणूस पनवेलला उतरून घाटाची वाट धरी. येथील नगरपालिका १८५२ साली स्थापन झाली. म्हणजे रेल्वे घाट चढून पुण्याला पोचण्याआधीची ही नगरपालिका आहे. १९७० साली सिडको या सरकारी कंपनीची स्थापना झाली आणि खाडीपलीकडे नवी मुंबई वसू लागली. १९९८ साली लोकल गाडी पनवेलपर्यंत आली. मग काय विचारता! कळंबोली, कामोठे, खांदा कॉलनी, खारघर येथे इमारतींच्या रांगा उभ्या राहिल्या. २०१६ साली पनवेलची महानगरपालिका झाली.

इमारती वाढल्या, तशी माणसेही वाढली. तळोज्याच्या कारखान्यांत काम करणारा कामगार, कळंबोलीच्या लोखंड बाजारातील हमाल, रिक्षाचालक, दवाखान्यातील आया, दुकानातील पोऱ्या, धुणीभांडी करणाऱ्या बायका या सर्वांना कामाच्या जागेजवळ राहायचे असते. यांतील कितीतरी माणसे विदर्भ, मराठवाडा, उत्तर प्रदेश, बिहार येथून आलेली असतात. ती स्वतःची घरे घेऊन येत नाहीत. भाड्याने खोली शोधतात. २०११ च्या जनगणनेनुसार भारताच्या शहरांतील शंभर कुटुंबांपैकी सुमारे सत्तावीस कुटुंबे भाड्याच्या घरात राहत होती.

आता एक हिशेब मांडून पाहू. समजा, एका कामगाराला महिन्याला १८ हजार रुपये पगार आहे. त्याने ६ हजार रुपये भाड्याची एक खोली पसंत केली. घरमालक २५ हजार रुपये अनामत मागतो. खोली दाखवणारा दलाल एका महिन्याचे भाडे आपली दलाली म्हणून घेतो. पहिल्या महिन्याचे भाडे आगाऊ द्यावे लागते. २५, ६ आणि ६ मिळून ३७ हजार रुपये झाले. दोन महिन्यांचा संपूर्ण पगार ३६ हजार. म्हणजे दोन महिने घरातील कोणी एक घासही खाल्ला नाही, तरी ही रक्कम पुरी होत नाही. त्यामुळे तो सावकाराकडून नाहीतर नातेवाइकाकडून उसने पैसे घेतो. पुढे दरमहा पगाराचा तिसरा भाग भाड्यात जातो. उरलेल्या पैशांत किराणा, वीज, औषधपाणी, मुलांच्या वह्या-पुस्तके आणि गावी आईवडिलांना पाठवायचे पैसे भागवायचे असतात. एखाद्या महिन्यात घरात आजारपण आले की भाडे थकते. दोन महिने भाडे थकले की सामान रस्त्यावर येते आणि मुलांची शाळा बदलते. भाड्याच्या प्रश्नाची झळ मुलांना अशी लागते. वर्गातील एखादा मुलगा वर्षाच्या मध्येच दिसेनासा होतो, त्याचे कारण पुष्कळदा हेच असते.

अशा कुटुंबाला सरकार दोन-तीन प्रकारे मदत करू शकते. भाडे वाढवू नका, असा कायदा घरमालकांसाठी करता येतो. सरकार स्वतः स्वस्त खोल्या बांधून त्या भाड्याने देऊ शकते. किंवा भाडे देण्यासाठी कुटुंबाच्या हातात काही रक्कम देता येते. आपल्या महाराष्ट्रात हे तीनही प्रकार होऊन गेले आहेत.

पहिल्या महायुद्धाच्या काळात मुंबईत घरांची फार टंचाई झाली. गिरण्या जोरात चालू होत्या, कामगार येत होते आणि घरमालक मनाला येईल तसे भाडे वाढवत होते. म्हणून १९१८ साली मुंबईत भाड्यावर मर्यादा घालणारा कायदा झाला. साधारण याच सुमारास ब्रिटनमध्येही असा कायदा झाला होता. तेथे १९१५ साली ग्लासगो शहरातील कामगारांच्या बायकांनी वाढीव भाडे देण्याचे नाकारले, भाडेवसुलीसाठी आलेल्या माणसांना पिटाळून लावले आणि सरकारला कायदा करणे भाग पाडले.

केवळ कायद्याने खोल्या वाढत नाहीत, हे मुंबईच्या सरकारच्या लवकरच लक्षात आले. गव्हर्नर जॉर्ज लॉइड यांच्या काळात, १९२० साली, मुंबईत एक विकास खाते सुरू झाले. त्याच्या इंग्रजी नावाच्या आद्याक्षरांवरून त्याने बांधलेल्या चाळींना बी. डी. डी. चाळी म्हणतात. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथे मिळून अशा २०७ चाळी उभ्या राहिल्या. खोली साधारण १६० चौरस फुटांची, स्वच्छतागृहे सामायिक. बांधकामाला जो खर्च आला, तो भाड्यातून निघणार नव्हता. म्हणून मुंबईत येणाऱ्या कापसाच्या प्रत्येक गाठीवर एक रुपया कर बसवण्यात आला. त्या पैशांतून भाड्यातील तूट भरून काढायची, अशी योजना होती. कापसाच्या व्यापारातून कामगाराच्या खोलीला मदत, हा विचार त्या काळी नवा होता. मात्र आरंभीची कित्येक वर्षे वरळीच्या अनेक खोल्या रिकाम्या पडल्या. गिरणीपासून अंतर जास्त होते आणि भाडेही कामगाराला जड वाटत होते. १९३० साली सत्याग्रहींची धरपकड झाली, तेव्हा वरळीच्या काही चाळींचा सरकारने चक्क तुरुंग म्हणून उपयोग केला. पुढे मात्र या चाळी माणसांनी इतक्या भरून गेल्या की एकेका खोलीत दहा-दहा माणसे राहू लागली.

देश स्वतंत्र झाला त्या वर्षी, म्हणजे १९४७ साली, मुंबई राज्यात भाडे नियंत्रणाचा मोठा कायदा झाला. १ सप्टेंबर १९४० रोजी जे भाडे होते, तेच योग्य भाडे मानण्यात आले. भाडेकरूला मोठा आधार मिळाला. कोणीही उठून त्याला घराबाहेर काढू शकत नव्हते. पण या कायद्याची दुसरी बाजूही आहे. वर्षे लोटली, सिमेंट-विटांचे भाव वाढले, गवंड्याची मजुरी वाढली आणि भाडे मात्र होते तेथेच राहिले. घरमालक म्हणू लागले, "पंधरा रुपये भाड्यात मी जिना दुरुस्त कसा करू?" जुन्या इमारती मोडकळीस आल्या, काही कोसळल्या, माणसे दगावली. म्हणून १९६९ साली मुंबईतील जुन्या इमारतींच्या दुरुस्तीसाठी वेगळा कायदा करून मंडळ नेमावे लागले. भाडेकरूला घरमालकाच्या खिशातून मदत देण्याचा हा मार्ग होता. सरकारला त्यात काही खर्च आला नाही, आणि बहुधा म्हणूनच तो इतकी वर्षे चालला. पुढे महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ हा नवा कायदा आला व तो ३१ मार्च २००० पासून लागू झाला. त्यात दरवर्षी शेकडा चार रुपये भाडेवाढ करण्याची मुभा घरमालकाला मिळाली.

आता पुन्हा पनवेलकडे येऊ.

२००८ साली मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने भाड्याच्या घरांची एक मोठी योजना जाहीर केली. पाच वर्षांत पाच लाख घरे बांधायची आणि ती कमी मिळकतीच्या कुटुंबांना भाड्याने द्यायची, असा बेत होता. सरकारने यासाठी रोख पैसा घातला नाही. खासगी बांधकाम व्यावसायिकाला त्याच्याच जमिनीवर नेहमीपेक्षा बरेच जास्त बांधकाम करण्याची परवानगी दिली. त्याच्या मोबदल्यात त्याने काही इमारतींत छोटी घरे बांधून ती प्राधिकरणाला फुकट द्यायची. उरलेली मोठी घरे त्याने बाजारभावाने विकायची. छोटे घर १६० चौरस फुटांचे. भाडे महिन्याला ८०० ते १५०० रुपयांच्या दरम्यान असेल, असे सांगण्यात आले होते. १६० हा आकडा पाहून काही आठवले का? बी. डी. डी. चाळीतील खोलीही एवढीच होती. जवळजवळ नव्वद वर्षांत गरिबाच्या खोलीचे माप तसूभरही वाढले नाही.

पनवेलजवळच्या कोन या गावी या योजनेतील इमारती खरोखरच उभ्या राहिल्या. पण त्यांत भाडेकरू काही आले नाहीत. भाड्याने घर देणे हे घर विकण्यापेक्षा अवघड काम आहे. विकलेल्या घराचा हिशेब एकदाच होतो. भाड्याच्या घराचे पैसे दरमहा वसूल करावे लागतात, नळ गळला तर प्लंबर पाठवावा लागतो, मुदत संपल्यावर भाडेकरू गेला की नाही हे पाहावे लागते. हजारो घरांसाठी हे काम कोण करणार? शिवाय एवढ्याशा जागेत एवढी माणसे आली, तर पाणी, गटारे, शाळा कोठून पुरवायच्या, असेही प्रश्न विचारले गेले. अखेर सरकारने योजनाच बदलली. भाड्याची घरे विक्रीची झाली आणि त्यांतील मोठा वाटा गिरणी कामगारांसाठी ठेवण्यात आला.

गिरणी कामगारांची गोष्ट तुम्ही वडीलमाणसांकडून ऐकली असेल. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईतील सुमारे अडीच लाख कामगार डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संपावर गेले. हळूहळू गिरण्या बंद पडल्या. त्यांच्या जमिनींवर उंच इमारती आल्या. या जमिनींवर आम्हांला घरे द्या, अशी कामगारांची व त्यांच्या वारसांची मागणी होती. दीड लाखाच्या आसपास लोकांनी घरांसाठी अर्ज केले. गिरण्यांच्या जागेवर एवढी घरे होणे शक्यच नव्हते. मग कोनची घरे पुढे आली. १६० चौरस फुटांची दोन घरे जोडून ३२० चौरस फुटांचे एक घर करायचे आणि ते ६ लाख रुपयांना द्यायचे, असे ठरले. २ डिसेंबर २०१६ रोजी कोन येथील २४१७ घरांची सोडत निघाली. लालबाग-परळच्या माणसाला पनवेलला घर लागले. काहींना आनंद झाला, काहींना अंतर पाहून धास्ती वाटली. तरीही घर ते घरच. पण किल्ल्या हाती येईनात. २०२० साली कोरोनाची साथ आली. त्या वेळी या रिकाम्या इमारती विलगीकरण केंद्रासाठी घेतल्या गेल्या. साथ सरल्यावर घरांची दुरुस्ती करावी लागली आणि ताबा मिळण्यास आणखी काही वर्षे गेली. ज्यांच्या नावाची चिठ्ठी निघाली, त्यांतील अनेकजण वयाने साठ-सत्तरीच्या पुढचे होते.

अशा रीतीने गरिबांना स्वस्त भाड्याने द्यायच्या म्हणून बांधलेल्या घरांत एकही भाडेकरू राहिला नाही. वरळीच्या चाळी काही काळ तुरुंग झाल्या, कोनच्या इमारती काही काळ विलगीकरण केंद्र झाल्या. रिकामे घर सरकारला कशासाठीही वापरता येते. गरजू माणसापर्यंत ते पोचवणे तेवढे राहून जाते.

कोरोनाच्याच काळात भाड्याचा प्रश्न साऱ्या देशाच्या डोळ्यांसमोर आला. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी झाली. काम बंद, पगार बंद. घरमालक भाडे मागू लागले. हजारो मजूर बायका-मुलांसह पायी आपापल्या गावी निघाले. मुंबईकडून नाशिककडे जाणारा रस्ता माणसांनी भरून गेला होता. पनवेलच्या स्थानकातूनही मजुरांना घेऊन खास गाड्या सुटल्या. त्यानंतर जुलै २०२० मध्ये केंद्र सरकारने परवडणाऱ्या भाड्याच्या घरांची योजना मंजूर केली. सरकारी पैशांतून बांधलेली पण रिकामी पडलेली एक लाखाहून अधिक घरे देशातील शहरांत होती. ती दुरुस्त करून मजुरांना भाड्याने द्यायची, असा एक मार्ग. कारखानदारांनी व संस्थांनी आपल्या जमिनीवर अशी घरे बांधावीत, त्यांना करात व इतर सवलती मिळतील, असा दुसरा मार्ग. चंदीगड, सुरत अशा शहरांत काही रिकामी घरे या योजनेतून भाड्याने दिली गेली. पुढे सप्टेंबर २०२४ पासून प्रधानमंत्री आवास योजनेचा शहरांसाठी दुसरा टप्पा सुरू झाला, त्यातही भाड्याच्या घरांना स्थान आहे. मात्र या सर्व योजनांत मदत जाते ती घर बांधणाऱ्याला. भाडेकरूच्या हाती थेट रक्कम येत नाही.

थेट रक्कम देण्याची उदाहरणेही आहेत. त्यांतील एक अगदी पनवेल तालुक्यातले आहे. नवी मुंबईचा विमानतळ बांधण्यासाठी दहा गावांतील लोकांना आपली घरे सोडावी लागली. चिंचपाडा, कोल्ही, कोपर, वरचे ओवळे, उलवे, तरघर, कोंबडभुजे, गणेशपुरी ही त्यांतील काही गावे. जमिनीच्या बदल्यात विकसित भूखंड मिळाले. पण भूखंड म्हणजे घर नव्हे. त्यावर घर बांधायला वेळ लागतो, आणि तोवर राहायचे कोठे? म्हणून घर रिकामे करून देणाऱ्या कुटुंबाला १८ महिन्यांचे घरभाडे देण्याचे सिडकोने ठरवले. पिढ्यान्‌पिढ्या स्वतःच्या अंगणात राहिलेली, होड्या व भातशेती सांभाळणारी माणसे प्रथमच भाडेकरू झाली. गावात कोणी कधी अनामत रक्कम, भाडेकरार हे शब्द वापरले नव्हते. जी मोठी कुटुंबे एका घरात राहत होती, त्यांना दोन-तीन खोल्यांच्या सदनिकेत मावणे कठीण गेले. रक्कम किती मुदतीची असावी, घर बांधायला उशीर झाला तर पुढचे भाडे कोणी द्यावे, यांवरून पुष्कळ वाद झाले. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी या विमानतळाचे उद्घाटन झाले व डिसेंबरमध्ये तेथून विमाने उडू लागली. पनवेलच्या जमिनीसाठी आयुष्यभर लढलेले नेते दि. बा. पाटील यांचे नाव विमानतळाला द्यावे, अशी येथील लोकांची मागणी तुम्ही ऐकलीच असेल.

दुसरे उदाहरण विद्यार्थ्यांचे आहे. अनुसूचित जाती व नवबौद्ध समाजातील ज्या विद्यार्थ्यांना सरकारी वसतिगृहात जागा मिळत नाही, त्यांच्यासाठी महाराष्ट्र शासनाने २०१६-१७ या वर्षापासून डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना सुरू केली. मुंबई, नवी मुंबई, ठाणे, पुणे, नागपूर अशा मोठ्या शहरांसाठी वर्षाला ६० हजार रुपये ठरवण्यात आले. त्यांत जेवणासाठी ३२ हजार, राहण्यासाठी २० हजार आणि किरकोळ खर्चासाठी ८ हजार रुपये, अशी वाटणी होती. रक्कम विद्यार्थ्याच्या बँक खात्यात जमा होते. आदिवासी व इतर मागास वर्गांतील विद्यार्थ्यांसाठीही पुढे अशा योजना निघाल्या. वर्षाला २० हजार म्हणजे महिन्याला १६०० ते १७०० रुपये. एवढ्यात एकट्याला खोली मिळत नाही, चौघांनी मिळून घेतली तर मिळते. खोली मिळाली म्हणजे कॉलेज सोडावे लागत नाही, ही काही लहान गोष्ट नाही.

परदेशांत भाड्यासाठी थेट मदत देण्याची पद्धत बरीच रुळली आहे. अमेरिकेत १९७४ सालापासून अशी योजना आहे. तेथे गरीब कुटुंबाने आपल्या मिळकतीच्या साधारण शेकडा तीस इतके भाडे द्यायचे आणि उरलेले सरकारने घरमालकाला द्यायचे. आपल्या कामगाराचे उदाहरण येथे लावून पाहा. १८ हजारांचे शेकडा तीस म्हणजे ५४०० रुपये. भाडे ६ हजार असेल, तर सरकार ६०० रुपये देईल. भाडे ९ हजार असेल, तर ३६०० रुपये देईल. ऐकायला हे फार छान वाटते. पण तेथेही पैसा पुरत नाही. मदतीस पात्र असलेल्या चार कुटुंबांपैकी एखाद्यालाच ती मिळते, बाकीची वर्षानुवर्षे यादीत वाट पाहतात. काही घरमालक अशा भाडेकरूंना घर देण्यास नाखूश असतात. आणि ज्या शहरात मुळात घरेच कमी आहेत, तेथे लोकांच्या हाती जास्त पैसे आले की भाडेच वाढते. सरकारची रक्कम मग भाडेकरूच्या खिशातून निघून घरमालकाच्या खिशात जाते. म्हणून नुसते पैसे देऊन भागत नाही, घरेही वाढावी लागतात. २०११ च्या जनगणनेत भारतातील शहरांत एक कोटीहून अधिक घरे रिकामी आढळली होती. पनवेलच्या आसपासही अनेक इमारतींत संध्याकाळी दिवा न लागलेल्या खिडक्या दिसतात. ही घरे भाड्याने का दिली जात नाहीत? एकदा दिले की भाडेकरू निघणार नाही, अशी भीती मालकाला वाटते. १९४७ च्या कायद्याची आठवण अजून पुसलेली नाही.

मालकाची भीती आणि भाडेकरूची अडचण, दोन्हींवर एक साधा उपाय कायद्यात आहे. तो म्हणजे लेखी आणि नोंदणी केलेला करार. १९९९ च्या कायद्यातील कलम ५५ नुसार भाड्याचा प्रत्येक करार लेखी असावा लागतो व त्याची नोंदणी करावी लागते. अकरा महिन्यांच्या कराराला नोंदणी लागत नाही, असे बरेच लोक सांगतात. महाराष्ट्रात ते खरे नाही. नोंदणी करण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. त्याने ती केली नाही, तर त्याला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. शिवाय नोंदणी नसेल आणि वाद कोर्टात गेला, तर भाडेकरू जे सांगेल ते खरे धरले जाते. मालकाला ते खोटे असल्याचे सिद्ध करावे लागते.

पावतीचेही तसेच आहे. मोहल्ल्यात, चाळीत पुष्कळदा असे संभाषण ऐकू येते.

"चाचा, भाड्याची पावती द्या ना."

"अरे बेटा, आपल्या माणसांत पावती कशाला? मी काय पळून जाणार आहे?"

"तसं नाही चाचा. अब्बांना बँकेत कागद दाखवायचा आहे. तुम्ही सही केलीत तर काम होईल."

येथे मुलाने नम्रपणे, पण आपली मागणी न सोडता उत्तर दिले आहे. भाडे घेतल्यावर लेखी पावती देणे कायद्याने घरमालकावर बंधनकारक आहे. तसेच भाडेकरूने घर सोडावे म्हणून त्याचे पाणी किंवा वीज तोडण्यास कायद्याने मनाई आहे.

अर्ज, दाखला, करार, मुदत, मालक, कब्जा, वारस, मंजूर. हे सारे शब्द मराठीत रुळलेले आहेत आणि तुमच्या घरच्या बोलीतलेही आहेत. सरकारी कचेरीतील मराठी उर्दूभाषक मुलांना वाटते तितकी परकी नाही. सरकारच्या कोणत्याही घरकुल योजनेचा अर्ज हाती घेतला, तर त्यातील निम्मे शब्द तुम्हांला पहिल्या वाचनातच कळतील. मिळकतीचा दाखला तहसीलदार कचेरीतून मिळतो. रहिवासाचा पुरावा म्हणून नोंदणी केलेला भाडेकरार चालतो. घरातील मोठ्या माणसांना मराठी वाचता येत नसेल, तर असा अर्ज त्यांना वाचून दाखवणे व तारीख संपण्याआधी भरून देणे, हे काम नववी-दहावीच्या मुलामुलींना सहज करता येण्यासारखे आहे.

शब्दार्थ

अनामत – घर सोडताना परत मिळणारी, मालकाकडे ठेवलेली रक्कम. भाडेकरू – किरायेदार. दलाल – घर मिळवून देणारा मध्यस्थ. तूट – कमी पडलेली रक्कम. मोडकळीस येणे – पडण्याच्या अवस्थेत येणे. सोडत – चिठ्ठ्या काढून केलेली निवड. ताबा – कब्जा. तसूभर – अगदी थोडे. विलगीकरण – रोग्याला इतरांपासून वेगळे ठेवणे. भूखंड – जमिनीचा तुकडा, प्लॉट. रुळणे – सवयीचे होणे.

स्वाध्याय

१. भाड्याने खोली घेताना सुरुवातीला कोणकोणते पैसे द्यावे लागतात? पाठातील हिशेब आपल्या शब्दांत लिहा.
२. कोन येथील घरे कोणासाठी बांधली होती आणि अखेर ती कोणाला मिळाली? असे का घडले?
३. १९४७ च्या कायद्याने भाडेकरूचा फायदा झाला. तोटा कोणाचा व कसा झाला?
४. एका कुटुंबाची मिळकत १५ हजार रुपये व भाडे ७ हजार रुपये आहे. अमेरिकेतील पद्धतीने त्याला सरकारकडून किती रुपये मिळतील?
५. पुढील शब्द वाक्यांत वापरा : अनामत, मुदत, सोडत, पावती.
६. तुमच्या घरमालकाला भाड्याची पावती मागणारे चार-पाच ओळींचे पत्र मराठीत लिहा.